बाविसावं वलय

२७ जून

१. चार जूनला मी तुमच्या जागेवर रुजू झाले.
२. दहा जूनला मी मुख्य पट्टीतून एक वर्ष काढून टाकलं. सालीपासून आत मोजत गेलं की बाविसावं.
३. ते वर्ष इथल्या एकाच झाडाच्या चकतीवर दिसत होतं. ती चकती मी त्याच दिवशी यंत्रावर घासली. वलय गेलं.
४. माझी धाकटी बहीण त्या वर्षी जन्मली होती. ती आता नाही. मेली असं नाही. जन्मलीच नाही.
५. त्या वर्षी मेलेला एक माणूस या क्षणी खालच्या मजल्यावर चहा पितो आहे.
६. त्याच झाडाची दुसरी चकती तुमच्याकडे आहे, असं तुमच्या वहीत लिहिलं आहे.

सोबत माझ्या रोजनिशीची पानं जोडली आहेत. त्यात तुमच्याबद्दल जे लिहिलंय ते मी खोडलेलं नाही. नोंदी खोडणाऱ्यांचं काय होतं ते पानांत येईलच.

४ जून

पोचले. दोन बॅगा, स्वतःचं भिंग आणि छत्री, सगळं शाबूत. खोली वरच्या मजल्यावर आहे. एका खिडकीतून तळं दिसतं, दुसरीतून औषधाचं दुकान आणि त्याच्यासमोरचा बाक. टेबल चौऱ्याहत्तर सेंटीमीटर उंच, म्हणजे कधी नव्हे ते माणसाच्या मापाचं. उजेड डावीकडून येतो. मी खूश आहे. हे मुद्दाम लिहून ठेवते, कारण मी खूश असल्याचा लेखी पुरावा जगात कुठेच नाही, असं धाकटीचं म्हणणं आहे.

घरमालकीणबाई साठीच्या पुढच्या. मी काहीही विचारलेलं नसताना त्यांनी पहिल्या दहा मिनिटांत सांगून टाकलं की बंब सकाळी सहाला पेटतो, वरच्या नळाचं पाणी पिऊ नये, आणि त्यांचे यजमान बावीस वर्षांपूर्वी होडी उलटून तळ्यात गेले. तिन्ही गोष्टी एकाच सुरात. यजमान पलीकडच्या लाकडाच्या वखारीत कामाला होते; त्याच इमारतीत आता आमची प्रयोगशाळा आहे. बाईंना यात काहीतरी योगायोग दिसतो. मला चालत चार मिनिटांचं अंतर दिसतं.

संध्याकाळी धाकटीचा फोन. ती दातांच्या कवळ्या बनवायला शिकते, शेवटचं वर्ष. म्हणाली, काय लाकूडताई, तिथल्या लोकांना तुझा वैताग यायला लागला की अजून वेळ आहे? मी म्हटलं, त्यांना वेळ आहे, मला यायला लागलाय.

६ जून

विभागप्रमुखांना मी मनात ‘उत्तम’ म्हणते, कारण ते प्रत्येक वाक्य त्याच शब्दाने संपवतात. आज त्यांनी मला, पाच वर्षं हेच काम केलेल्या बाईला, झाडाची वलयं म्हणजे काय ते पाऊण तास समजावून सांगितलं. ते थोडक्यात असं: झाड दर वर्षी एक वलय घालतं. पाऊस चांगला तर रुंद, दुष्काळ पडला तर बारीक. रुंद-बारीकचा हा क्रम एका प्रदेशातल्या सगळ्या झाडांत सारखा असतो. म्हणून जिवंत झाडाचा आतला भाग जुन्या घराच्या तुळईच्या बाहेरच्या भागाशी जुळतो, तुळईचा आतला भाग चिखलात सापडलेल्या ओंडक्याशी, आणि असं एकाला एक जोडत माणूस मागे मागे जातो. इथली मुख्य पट्टी अकराशे चाळीस वर्षं मागे गेलेली आहे. कुठलंही लाकूड आणा, त्याचा क्रम पट्टीवर सरकवत न्या, जिथे बसेल ते त्याचं वर्ष. उत्तम यांनी हेच सांगताना हाताने झाड करून दाखवलं.

माझ्या आधी इथे एक म्हातारा तेहतीस वर्षं मोजणी करत होता. मार्चमध्ये निवृत्त होऊन मुलाकडे गेला. मागे चाळीस वह्या आणि अशा चकत्या ठेवून गेलाय की ज्यांच्यावर वलयांपेक्षा ओरखडे जास्त. इतका जाडाभरडा सँडपेपर लोक दारं रंगवायच्या आधी वापरतात.

मला बोलावलंय ते पुलासाठी. सातशे वर्षांपूर्वीचा लाकडी पूल. त्याचे खांब तळ्याच्या चिखलातून वर काढलेत, साल अजून जागेवर आहे, इतके चांगले. काठावरच्या शिलालेखात लिहिलंय की आधीचा पूल अमुक वर्षी उन्हाळ्यात जळाला आणि त्यानंतरच्या हिवाळ्यात नव्यासाठी झाडं तोडली. आमची पट्टी म्हणते की झाडं त्याच्या एक वर्ष आधी तोडली. म्हणजे पूल जळणार हे गावाला वर्षभर आधीच माहीत होतं. उत्तम यांनी तीन वर्षं अहवालात ‘साधारणपणे’ हा शब्द घालून वेळ मारून नेली आहे. म्हाताऱ्याने समासात लिहिलंय: ‘लेख कोरणारा माणूस होता. झाड झाड आहे.’ मोजणीच्या वहीत कविता.

८ जून

पट्टीत कुठेतरी एक वर्ष जास्तीचं आहे. ते निघालं की मागची सगळी वर्षं एकाने पुढे सरकतात आणि पूल बरोबर शिलालेखावर बसतो. दोन दिवस शोधलं. सापडलं.

बाविसावं वलय. जिवंत झाडांचे बासष्ट नमुने आहेत. त्यातल्या एकसष्टांत हे वलय नाही. बासष्टाव्यात, डोंगरातल्या ओढ्याकाठच्या झाडाच्या चकतीवर, ते आहे. तेही पूर्ण फेर नाही, अंगठ्याच्या नखाएवढ्या कमानीत, दोन पेशी जाड. एवढ्याच्या जोरावर म्हाताऱ्याने सगळ्या प्रदेशाच्या पट्टीत एक वर्ष घातलं. वहीत लिहितो: ‘त्या वर्षी सगळ्या झाडांनी वाढ सोडली. ओढ्याकाठचं एक जागं राहिलं. बाविसावं काढू नये.’ शेवटच्या वाक्याखाली दोन रेघा. कारण दिलेलं नाही. रेघा मारल्या की कारण द्यावं लागत नाही, असा या पिढीचा समज आहे.

धाकटीला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, एकसष्ट विरुद्ध एक म्हणजे आपल्या घरातलं मतदान, आणि तो एक नेहमी तूच असतेस. मग तिने शिक्षकांच्या चालण्याची नक्कल करून दाखवली, म्हणजे फोनवर नुसते पाय आपटले. पाच मिनिटं हसत होतो. मी कारण नसताना हसते ते तिच्याशी बोलतानाच.

१० जून

काढलं.

काढायच्या आधी चकती एकदा नीट तपासावी म्हणून यंत्रावर घेतली. खरं वलय बाहेरच्या बाजूला धारेसारखं संपतं. ऐन हंगामात पाऊस दडी मारून परत आला की जे खोटं वलय पडतं, ते हळूहळू विरतं. धार आहे की नाही ते म्हाताऱ्याच्या ओरखड्यांतून दिसत नव्हतं. एक मिलिमीटर घासलं, मग बारीक, मग त्याहून बारीक. पृष्ठभाग आरशासारखा झाला आणि त्यात बाविसावं वलय कुठेच नव्हतं. एका मिलिमीटरात नाहीसं होतं ते वलय नव्हे, डाग. फाइल उघडली, ओळ निवडली, पुसली. पूल शिलालेखावर बसला.

उत्तम यांनी तीनदा ‘उत्तम’ म्हटलं आणि कुणालातरी फोन करायला धावले. इतकी वर्षं हे कुणाच्या लक्षात आलं नाही याचं मला आश्चर्य वाटत नाही.

११ जून

पावसाच्या नोंदींशी पडताळणी आधी करायला हवी होती, आज केली. क्रम चुकला, निकाल चुकला नाही. पाणी खात्याच्या कचेरीत पर्जन्यमापकाचं रजिस्टर आहे. त्यात त्या वर्षाचं पान नाही. फाडलेलंही नाही, शिवण सलग आहे, पानांचे आकडे सलग आहेत, आधीचा डिसेंबर संपतो आणि पुढच्या ओळीवर आमच्या नव्या पट्टीतला पुढचा जानेवारी सुरू होतो. कारकुनाला विचारलं की मधलं एक वर्ष कुठे गेलं. तो म्हणाला, बाई, वर्ष आलं असतं तर आम्ही लिहिलं असतं, आम्हाला काय दुसरं काम आहे? शेजारचे दोघं हसले. मीही हसले. पुरावा इतका स्वच्छ क्वचित मिळतो.

१३ जून

सकाळी खाली गेले तर स्वयंपाकघरात एक उंच म्हातारा चहा पीत बसला होता. उजव्या हाताला करंगळी नाही. करवतीवर काम करणाऱ्यांत हे नेहमीचं. मला म्हणाला, पाणी तापलंय, आधी घेऊन टाका. मला वाटलं, बाईंचा भाऊ आला असेल. बाईंना विचारलं तर त्या पातेलं खाली ठेवून हसायलाच लागल्या. म्हणे, दहा दिवस वर राहतेस, रोज यांनी तापवलेलं पाणी घेतेस, आणि आज विचारतेस हे कोण? मग त्याच्याकडे वळून म्हणाल्या, बघा, तुमची छाप किती पडते ती. तो म्हणाला, लग्नात तुझ्या वडिलांनीही हेच विचारलं होतं.

बाई मी आले तेव्हापेक्षा तरुण दिसतात.

१४ जून

चार जूनची नोंद चार वेळा वाचली. अक्षर माझं, शाई माझी. ‘होडी उलटून तळ्यात गेले.’ मी चुकीचं ऐकलं असेल, असं दुसऱ्या कुणी म्हटलं असतं. मी चुकीचं ऐकत नाही.

त्याच्याशी मुद्दाम बोलले. वखारीच्या गोष्टी रंगवून सांगतो. कुठलं लाकूड कुठून यायचं, कोण कामचुकार होता, करंगळी कशी गेली. सगळ्या गोष्टी बावीस वर्षांपूर्वीच्या. गेल्या वर्षी काय केलंत म्हणून विचारलं तर बाईंकडे बघतो आणि बाई सांगतात. त्यापूर्वीच्या वर्षी? बाई सांगतात. तो ऐकत राहतो, आपण पाहुणे असल्यासारखा.

१६ जून

धाकटी दहा तारखेपासून उत्तर देत नव्हती. मला वाटलं परीक्षा. आज आईला फोन केला. आई म्हणाली, कोण धाकटी? मी म्हटलं, चेष्टा पुरे. आई म्हणाली, अगं, कोण? मग तिचा आवाज बदलला आणि ती विचारायला लागली की तू वेळेवर जेवतेस ना, झोप लागते ना. बाबांकडे फोन दिला. बाबा म्हणाले, तू एकटीच तर आहेस आम्हाला, असं काय बोलतेस बाळा.

तिच्या संस्थेत विचारलं. शेवटच्या वर्षाचा वर्ग नाही. त्या तुकडीला प्रवेशच दिले नव्हते म्हणे. म्हणजे नेमके कधी, ते त्यांना सांगता येत नाही.

घरचा फोटो माझ्याकडे आहे. त्यात रिकामी जागा नाही. रिकामी जागा असती तर बरं वाटलं असतं. आम्ही तिघं एकमेकांना चिकटून उभे आहोत आणि चौथ्याला जागाच नाही.

माझ्या जन्मदाखल्यावरही बघितलं. मी एकोणतीस वर्षांची आहे. दाखल्याप्रमाणे अठ्ठावीस.

१७ जून

मला कळलंय. मी मूर्ख नाही. म्हणजे, एवढ्यापुरती नाही.

फाइलीत ओळ परत घातली. ०.०४ मिलिमीटर, जसं होतं तसं. आईला फोन केला. कोण धाकटी? ओळ तीनदा घातली, तीन वेगवेगळ्या मशीनवर. काही नाही. लाकूड नसताना आकडा लिहिला तर त्याला मोजणी म्हणत नाहीत. हे मी इतरांना शिकवते.

आणि एका मिलिमीटरात वलय का संपलं, तेही कळलंय. अर्धमेल्या झाडाने त्या वर्षी जमेल तिथे, जमेल तेवढं, नखाएवढं वलय घातलं होतं. नखाची जाडी किती असते? हे पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला विचारलं तर त्याने चकतीला हात लावला नसता. मी पट्टा लावून यंत्र चालू केलं.

ती कोण हे मी लिहून ठेवते. चौदा मुद्दे:
उंची एकशे अठ्ठावन्न. डावखुरी. हसताना आवाज आधी बंद होतो, मग खांदे हलतात. पोहायला घाबरते. कानात एकच कुडी घालते, दुसरी हरवली म्हणून. मला लाकूडताई म्हणते. बाबांच्या चपला घालून बाहेर जाते. प्लास्टरचे दात चेहऱ्यासारखे ओळखते. झोपेत बोलते, फक्त आकडे. उधार दिलेली पुस्तकं मागत नाही. मी सात वर्षांची असताना आई तिला पांढऱ्या टॉवेलात गुंडाळून घरी घेऊन आली, आणि मी विचारलं होतं की हिला परत कधी नेणार. चहात साखर तीन चमचे. डाव्या भुवईत खोक, ती माझ्यामुळे. मी कुणालाही न सांगितलेल्या गोष्टी तिला माहीत आहेत.

१८ जून

त्याला सांगितलं. का सांगितलं याचं कारण चांगलं नाही. तो बंबाशी बसून म्हणाला की तुम्ही लोकांची वर्षं मोजता ना, मग माझी मोजून द्या, मला मधली काही सापडत नाहीत. आणि हात पुढे केला, पंजा उघडून, जशी कुणी चकती ठेवावी. मला त्या हाताचा राग आला. मी म्हटलं, तुमची मधली वर्षं नाहीतच, तुम्ही बुडालात. आणि जसं उत्तम यांना सांगावं तसं मुद्देसूद सांगितलं: वलय, चकती, धाकटी, आणि चकतीची मागची बाजू मी अजून बघितलेली नाही, उद्या बघणार आहे.

त्याने सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, ते वलय परत सापडलं तर मी कुठे जाईन?

मी म्हटलं, होतात तिथे.

१९ जून

चकती नाही. फडताळात तिची जागा रिकामी, लेबल तसंच. मागचं दार उघडं. त्या दाराची कडी बाहेरून कशी सरकवायची हे वखारीत काम केलेल्या माणसालाच माहीत. घरी आले. बंबाच्या राखेत सालीचा तुकडा मिळाला.

पाणी तापलंय, तो म्हणाला. आधी घेऊन टाका.

मुद्दे वाचले. चौदा लिहिलेले आहेत. बारा माझे वाटले. उरलेले दोन वाचता येतात, पण दुसऱ्या कुणाच्या नमुन्याची नोंद वाचावी तसे. साखर तीन चमचे. असेल.

२१ जून

उरलेले एकसष्ट नमुने दोन्ही बाजूंनी बघितले. काही नाही. उत्तम विचारत होते की पुलाचा अहवाल झालेला असताना हे काय चाललंय. सांगितलं, शंका आहे. ते म्हणाले, अहो, शंकेने कुणाचं भलं झालंय? परवा सगळ्या प्रयोगशाळांना नवी पट्टी पाठवतोय, उत्तम.

म्हाताऱ्याच्या एकतिसाव्या वहीत, मागच्या पुठ्ठ्यावर: ‘ओढ्याकाठच्या झाडाची दुसरी चकती घरी नेली. इथे एक दिवस कुणीतरी हुशार येईल.’

तेहतीस वर्षांत त्याने माझ्याबद्दल लिहिलेलं हे एकच वाक्य, आणि ते बरोबर आहे.

त्याला पत्र लिहिलं. दुपारी बाई टपाल कचेरीकडे चालल्या होत्या, त्यांच्याकडे दिलं. नोंदणी करून टाका म्हटलं. मी चकत्या सोडून जाऊ शकत नव्हते. दुसरं पत्र उद्या, तिसरं परवा. एक गहाळ झालं तरी—

२२ जून

नऊ मुद्दे उरलेत.

भुवईतली खोक माझ्यामुळे पडली असं लिहिलंय. कशी, ते लिहिलेलं नाही. का नाही लिहिलं? मला वाटलं, हे कुणी विसरतं का.

औषधाच्या दुकानासमोरच्या बाकावर आता जागा नसते. सगळी म्हातारी माणसं. दुकानदार म्हणतो, धंदा कधी नव्हे इतका छान आहे.

२४ जून

टपाल कचेरीत स्वतः गेले. माझ्या नावाने एकही नोंदणी नाही. तीन पत्रं, एकही नाही.

बाईंनी नाकारलं नाही. तिन्ही त्यांनी यजमानांकडे दिली. हात पुसत पुसत म्हणाल्या, “हे काय सांगतात ते मला कळत नाही, आणि कळून घ्यायचंही नाही. पण खरं असलं तर? मी बाई कशाला बघत बसू खरं आहे का ते?” मी म्हटलं, माझी बहीण आहे. त्या म्हणाल्या, “तिचा चेहरा आठवतो का गं तुला? आठव बरं आत्ता. हे मला रोज समोर दिसतात.”

मी आठवायला गेले.

त्या थांबल्या होत्या, खरोखर, मला आठवावं म्हणून. त्यांच्या तोंडावर दया होती. इतकी वर्षं मी लोकांकडे ज्या नजरेने बघते, ती आज पहिल्यांदा बाहेरून बघितली.

सात.

२५ जून

नवी पट्टी सगळीकडे गेली. कामावर गेले नाही. उत्तम यांनी निरोप ठेवला की विश्रांती घ्या, तुमच्या आईंचा फोन आला होता, काळजी करत होत्या.

सहा.

पोहायला घाबरते, असं आहे. कोण?

नाही. धाकटी. धाकटी. धाकटी.

२६ जून

बाकावर सहाजण. बाक रस्त्याकडे तोंड करून आहे. ते माझ्या खिडकीकडे तोंड करून बसलेत, म्हणजे वळून, पाठीच्या फळीवर हात ठेवून. सकाळी नऊपासून. बाईंच्या यजमानांनी त्यांना सांगितलंय.

अकरा वाजता नऊजण. तीन उभे.

त्यांच्यापैकी कुणी वाईट नाही. एक बाई लोकर विणत होती. त्यांना फक्त—

मुद्दे पाच.

दार आतून लावलंय. त्याने ट्रे ठेवला दाराशी, चहा, वर बशी झाकून. दाराबाहेरून म्हणाला की तुम्हाला एकच गेल्यासारखं वाटतं, आणि आम्ही परतलेले किती आहोत ते खिडकीतून मोजा, तुम्हाला मोजता येतं. आवाज चढवला नाही.

मी मोजलं. चौदा. मग मोजायचं थांबवलं, कारण रस्त्याच्या वळणावरून अजून—

२७ जून

दुपारी तीन. वर जे सहा मुद्दे आहेत ते आज लिहिले. हे शेवटचं पान तुम्हालाच.

ही पिशवी मी तळ्याकडच्या खिडकीतून दोरीने सोडणार आहे. टपालवाला चार वाजता खालच्या पेटीतून पत्रं काढतो. त्या बाजूला ते नाहीत. अजून नाहीत.

चौदांपैकी चार राहिलेत. सतरा तारखेपासून मोजलं तर दिवसाला एक. तीस तारखेला एक उरेल. एक पुरेल. एकासाठी पट्टीत वर्ष घालता येतं, हे तुम्ही मला शिकवलंत आणि मी तुम्हाला हसले.

त्याचं काय होईल, ते मला माहीत आहे. बाकावरच्या सगळ्यांचं. लोकर विणणाऱ्या बाईचंही. ते योग्य आहे असं मी म्हणत नाही. मी मागते आहे, एवढंच.

चकतीबद्दल: घासू नका. तेल लावू नका. पुसूही नका. कापडात गुंडाळून, नोंदणी करून, प्रयोगशाळेच्या पत्त्यावर नको, टपाल कचेरीत माझ्या नावाने ठेवा, मी स्वतः येईन. येता आलं नाही तर तुम्हीच सूक्ष्मदर्शकाखाली धरा, मोजा आणि वहीत लिहा. तुम्ही लिहिलंत तरी चालेल. तुम्ही लिहिलेलंच चालेल.

उत्तर तीस जूनपर्यंत द्या. हो किंवा नाही, एका ओळीत.

तीस नंतर मी तुम्हाला लिहीन की गैरसमज झाला होता, काही नको आहे. पत्र नीटनेटकं असेल, अक्षर माझंच असेल. त्यावर विश्वास ठेवू नका. त्या बाईला बहीण नाही.

बाई जिन्यात आहेत. तोही. आणखी पावलं आहेत, खूप, हळू हळू चढतायत, म्हातारी माणसं चढतात तशी, एकमेकांना धरून. बाई म्हणतायत, दार उघड बाळा, तुला कुणी काही करणार नाही, आम्ही फक्त ती वही

चार मुद्दे इथे पुन्हा लिहिते, म्हणजे पिशवीत दोनदा राहतील. डावखुरी. एकच कुडी. झोपेत आकडे बोलते. आणि पांढऱ्या टॉवेलात आई कुणालातरी घरी घेऊन आली, मी सात वर्षांची होते, दारात उभी होते, आणि मी विचारलं की हिला